दोघांच्या सहीने

बँकेतून फोन आला तेव्हा मी कढी ढवळत होतो. पलीकडून एक बाई गुजराती वळणाच्या मराठीत म्हणाली, "भागीरथीबेन आहेत का?"

मी म्हणालो, "नाहीत."

"कधी येतील?"

सुरत महानगरपालिकेच्या मराठी शाळेत अख्खी नोकरी भाषा आणि गणित शिकवण्यात घालवलेल्या माणसाला या प्रश्नाचं उत्तर यायला हवं होतं. 'नाहीत' हे माझं उत्तर व्याकरणाच्या दृष्टीने निर्दोष होतं. घोटाळा ऐकणारीच्या बाजूने झाला होता. पण तो दुरुस्त करायला मला बराच वेळ लागला आणि तेवढ्यात कढी फुटली. माझी कढी एरवीही फुटतेच. भागीरथी जाऊन वर्ष होत आलं तरी मला ती जमलेली नाही. त्या दिवशी निदान फुटायला कारण होतं.

"सॉरी हां, काका," बाई म्हणाली. "त्यांची एफडी पाकली आहे."

एफडी पाकत नाही आणि पिकतही नाही, तिची मुदत भरते, हे मी तिला सांगणार होतो. पण मुळात आमच्या घरात अशी कुठली एफडी आहे हेच मला ठाऊक नव्हतं. घरातला हिशेब मी बघायचो. गणिताचा शिक्षक मी होतो. भागीरथीला रक्कम विचारली की ती 'असतील थोडे' असं सांगायची, आणि मी तिला अपूर्णांक समजावून सांगायचो.

"दुसरे खातेदार आणि तुम्ही, दोघं बरोबर या," बाई म्हणाली.

"दुसरे कोण?"

"भिकनभाई."

मी गॅस बंद केला.

भिकन म्हणजे भागीरथीचा धाकटा भाऊ. सुरतेबाहेरच्या चलथाणच्या साखर कारखान्यातून रिटायर झालेला. आमच्या चैतालीच्या लग्नात त्याने मामा म्हणून तिला हाताला धरून मंडपात आणलं, डोळे पुसले, आणि नंतर वरणबट्टीच्या पंगतीत, व्याह्यांच्या शेजारी बसून, सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात जाहीर केलं की बट्ट्या कच्च्या आहेत. मुलीच्या बापाने त्या क्षणी काय करावं याबद्दल शास्त्रात काही नाही. मी म्हणालो, "मग चलथाणहून साखर आणायचीस, ती खाल्ली असती." तो ताटावरून उठला. त्यानंतर ना तो आमच्या लिंबायतच्या घरी आला, ना मी त्याच्याकडे गेलो. भागीरथी गेली तेव्हाही तो स्मशानातूनच परतला. भागीरथी त्याच्याशी फोनवर बोलायची, गॅलरीचं दार ओढून घेऊन. तो दरवाजा नीट लागत नसे, पण मी ऐकत नाही असं दाखवायचो.

बँकेत गेलो तर फोनवाल्या बाईचं नाव गायत्रीबेन निघालं. डिंडोलीची मराठी पोरगी, पण तीन वाक्यांत गुजरातीत घसरणारी. तिने मला समजावलं. ठेव दोघा बहीण-भावांच्या नावावर होती आणि 'दोघांच्या सहीने' अशी होती. दोघांपैकी एक गेला की पैसे हयात असलेल्याला आणि गेलेल्याच्या वारसांना मिळून मिळतात. एकट्याला नाही. वारसदार म्हणून कोणाचं नावही लावलेलं नव्हतं.

"मी बेनना किती वेळा सांगितलं," गायत्रीबेन म्हणाली, "की 'दोघांपैकी कोणीही' असं करा, कटकट नको. पाच वर्षांची करा, व्याज सारूं मळशे, जास्त मिळेल. पण नाही. दरवर्षी एक वर्षाची, आणि दरवर्षी दोघं जातीने हाजर."

म्हणजे माझी बायको दरवर्षी या बँकेत येत होती, कमी व्याजाने पैसे ठेवत होती, आणि नवऱ्याला, ज्याने चक्रवाढ व्याज शिकवण्यात केस पांढरे केले त्याला, पत्ता नव्हता. पैशाचं मला काही नव्हतं. पेन्शन येते, खाणारा एक. पण तिने सांगितलं का नाही? हा प्रश्न मी घेऊन घरी आलो आणि विचारायला घरात कोणी नव्हतं.

म्हणून मी चूक केली. शेजाऱ्यांना विचारलं.

खालच्या मजल्यावरचे ठाकोरभाई अस्सल सुरती. साडीच्या दुकानात आयुष्य गेलं, आणि कुठल्याही व्यवहारात समोरचा आपल्याला फसवतोय हे त्यांना आधीच माहीत असतं. त्यांनी झोपाळा थांबवला. "मास्तर, एम नी चाले! अर्धो भाग तमारो. साळो आख्खू खाई जशे." मेहुणा सगळं गिळणार, असा त्यांचा हिशेब. शेजारच्या शकूताईंचं मत पडलं की बायको लपवते तेव्हा काहीतरी दुखावलेलं असतं. मग त्यांनी मला वांग्याच्या भरताची वाटी दिली. सल्ला आणि भरत, दोन्ही मला पचले नाहीत.

एक मात्र झालं. भागीरथी गेल्यावर सुरुवातीचे पंधरा दिवस सोडले तर माझ्या दाराची बेल फक्त दूधवाला वाजवायचा. एफडीची बातमी पसरली आणि सोसायटीतली माणसं 'काय झालं मास्तर, पुढे?' असं विचारायला येऊ लागली. मी दोन कपांऐवजी भांडंभर चहा टाकू लागलो.

ठरलेल्या दिवशी भिकन बँकेत आला. वाळला होता. इस्त्रीचा शर्ट, पण एक बटण खालच्या काजात. त्याची बायको तीन वर्षांपूर्वी गेली, तेव्हा भागीरथी एकटीच जाऊन आली होती. मुलगा दीपक सुरतेजवळच्या सचिन गावातल्या एका केमिकल फॅक्टरीत, तिकडेच भाड्याने राहतो. भिकन स्टीलच्या तिघांच्या बाकड्यावर एका टोकाला बसला, मी दुसऱ्या. मधली जागा रिकामी.

तिथे एक जाडजूड बाई येऊन बसल्या आणि आमच्या वाटाघाटींना सुरुवात झाली.

"बाई, त्यांना सांगा," भिकन समोर बघत म्हणाला, "पारोळ्याचं घर माझ्या मायचं व्हतं. ते इकूनच हे पैसे आले. सगळे माझे शेत." अहिराणीतलं 'शेत' म्हणजे 'आहेत'.

"यांना सांगा," मी म्हणालो, "की आई दोघांची होती."

बाईंनी दोन्हीकडे मान वळवली आणि मग टोकनचा नंबर न येताच उठून गेल्या. त्या जागेवर दुपारपर्यंत कोणी बसलं नाही.

गायत्रीबेनने मागितलेल्या कागदांमध्ये पेढीनामा होता. म्हणजे गेलेल्याचे वारस कोण कोण, हे सरकारदरबारी लिहून घ्यायचं. वारस मी आणि चैताली. चैताली पुण्याला. फोन केला तर म्हणाली, "पप्पा, मामाला देऊन टाका ना. कशाला ताप करून घेता? मी संमती पाठवते. आणि ऐका, मला मीटिंग आहे, रविवारी बोलू." रविवारी ती बोलली. तिला पुन्हा मीटिंग होती. रविवारी मीटिंग असणारी नोकरी तिने कशी शोधली देव जाणे.

पेढीनाम्याच्या टेबलावर नवं संकट उभं राहिलं. माझं नाव निंबा. निंबा भावसार. बँकेत, पेन्शनमध्ये, भागीरथीच्या मृत्यूच्या दाखल्यावर निंबा. पण आधार कार्ड काढताना केंद्रातल्या पोराने नाव विचारलं, पत्ता विचारला, आणि लिंबायतमध्ये राहणारा माणूस लिंबाच असणार असा शास्त्रशुद्ध तर्क लढवून 'लिंबा' लिहून टाकलं. मला कधी अडलं नव्हतं. रेशनवाला लिंबाकाका म्हणतो, चालतं. पण टेबलावरचे साहेब म्हणाले, "नवरे दोन दिसतात. निंबाभाई कोण, लिंबाभाई कोण?"

"दोन्ही मीच."

"सोगंदनामुं लाव."

मग वकिलाच्या टेबलासमोर उभा राहून, साक्षीदार म्हणून ठाकोरभाईंना आणि रस्त्यावरच्या चहावाल्याला घेऊन, मी शपथेवर लिहून दिलं की निंबा आणि लिंबा या दोन व्यक्ती नसून मी एकटाच आहे. वकिलाने ते वाक्य मोठ्याने वाचून दाखवलं. 'एकटाच आहे' वर त्याने शिक्का मारला. मला वाटलं, दोघं असतो तर निदान संध्याकाळी पत्ते तरी खेळलो असतो.

तो वकील ठाकोरभाईंचा भाचा. आल्यासरशी मामाने त्याला सगळी हकीगत ऐकवली आणि दोघांनी मिळून माझ्या स्वाभिमानाला अशी काही फुंकर घातली, की मी भिकनला नोटीस पाठवायला तयार झालो. नोटीस गुजरातीत, कडक कागदावर, रजिस्टर्ड. मी सही केली. वाचून बघितली तेव्हा भाषा फार तिखट वाटली, पण ठाकोरभाई म्हणाले, "तिखट नी होय तो नोटिस नी कहेवाय."

आठवडा गेला असेल. संध्याकाळी बेल वाजली. शकूताई असतील म्हणून दार उघडलं, तर भिकन. छातीच्या खिशात घडी केलेला लखोटा.

तो आत आला नाही. चौकटीतच उभा राहिला. बाकड्यावरची मधली बाई इथे नव्हती, त्यामुळे त्याला माझ्याशीच बोलावं लागलं.

"मास्तर, हाई कागद आला. कोर्टाचा दिसतो. माले गुजराती वाचता येत नई. कारखान्यात सारे मराठी व्हते, जमून गेलं."

"मग... चलथाणमध्ये कोणी वाचलं असतं की."

"गावात दाखाडू का? म्हातारपणी कोर्टाचा कागद?" तो खाली बघून म्हणाला. "घरातली गोष्ट शे. तुम्ही मास्तर. तुम्ही वाचा."

आता सांगा. माझ्याच नोटिशीचं वाचन करायला प्रतिवादी माझ्याच दारात आला होता. मी त्याला आत घेतलं, चष्मा शोधण्यात वेळ काढला, चष्मा नाकावरच होता. मग खुर्चीवर बसून नोटीस उघडली आणि आयुष्यातलं सर्वांत अवघड भाषांतर सुरू केलं.

'लोभाने आंधळे होऊन' असं जिथे होतं तिथे मी 'थोडेसे आग्रही होऊन' असं वाचलं. 'मयत बहिणीच्या मृत्यूचा गैरफायदा घेऊन' याचं मी 'कठीण प्रसंगात सापडून' केलं. 'कपटी इराद्याने' ला काही सुचेना. तिथे मला खोकला आला.

भिकन मान हलवत ऐकत होता. "बरं लिहेल शे," तो म्हणाला. "मंग एवढ्या गोड बोलण्याला शिक्के कशाला?"

"पद्धत असते."

"पाठवणारा कोण?"

मी कागद उलटा केला, पुन्हा सुलटा केला. "लिंबा भावसार."

"हा लिंबा कोण?"

शाळेत इन्स्पेक्टर आला की मुलांना उत्तर येत असूनही जीभ टाळूला चिकटते, तसं झालं. "मीच," मी म्हणालो. "आधारमध्ये तसं आहे."

भिकन माझ्याकडे बघत राहिला. मग त्याचे खांदे हलू लागले. मला वाटलं रडतोय, उठून पाणी आणायला गेलो. परत आलो तर तो तोंडावर रुमाल धरून हसत होता. "लिंबा! भागी कधी बोलली नई, दाजी, की तुम्ही लिंबा शेत!" आणि पुन्हा हसला. मग मलाही हसू आलं. आमच्या घराला इतक्या आवाजाची सवय राहिली नव्हती. शकूताई दार उघडून बघून गेल्या.

चहा मी केला. भिकन भागीरथीच्या फोटोसमोर उभा होता. हार प्लास्टिकचा. खरा आणायचा तर रोज बदलावा लागतो. मी कप पुढे केला, तेव्हा मला राहवलं नाही. "भिकन, तिने मला का नाही सांगितलं? एफडीचं?"

"सांगितलं असतं तर तुम्ही पाच वर्षांची करायला लावली असती."

"अर्थात! व्याज..."

"तेच." तो बसला. "बँकेतल्या पोरीने पण तेच सांगलं व्हतं. भागी बोलली, पाच वर्षांची केली तं पाच वर्षांनी भेट व्हईल. आणि एकाच्या सहीनं चाललं तं तू येशीलच कशाला?" त्याने बशीत चहा ओतला. "तुमचं माझं बंद झालं व्हतं. ती तुमच्या घरातनं चलथाणला येऊ शकत नव्हती, तुम्हाला राग येईल म्हणून. मंग वर्षातनं एक दिवस. सही झाली की आम्ही चणाडाळीचा लोचो खायला जायचो. तेल जास्त, मिरच्या जास्त. दिवसभर बसायचो."

"कधी? मी घरीच असायचो की."

"तुम्हाला सांगायची, डोळे दाखाडाले जाते."

मला आठवलं. वर्षातून एकदा, थंडी संपताना, ती डोळ्यांच्या डॉक्टरकडे जायची आणि संध्याकाळी येऊन सांगायची, नंबर तोच आहे. तिची नजर शेवटपर्यंत उत्तम होती, आणि मी मनातल्या मनात त्या डॉक्टरची तारीफ करायचो.

"काय बोलायचात?"

"मी काय बोलणार? तीच बोलायची. तुमचंच सांगायची. मास्तर रेडिओ लावून झोपता आणि बंद केला की जागे व्हता. मास्तर भाजीवाल्याच्या बेरजेत चुका काढता. मी म्हणायचो, पुरे, त्या माणसाचं नाव काढू नको. ती काढायचीच."

आम्ही दोघंही फोटोकडे बघत नव्हतो.

"मग सगळे पैसे माझे म्हणून का अडून बसलास?" मी विचारलं. "अर्धे म्हणाला असतास तर..."

"तर एका फेरीत मिटलं असतं," भिकन म्हणाला, आणि बशी तोंडाला लावली.

त्यानंतर वाद राहिला नाही, पण बँकेला हे कोण सांगणार? पुढच्या वेळी लिंक गेली होती. त्याच्या पुढच्या वेळी चैतालीच्या संमतीवर पत्ता पुण्याचा आणि शिक्का मुंबईचा, म्हणून परत. शेवटी सगळं जुळलं, तर भिकनची सही जुळेना. त्याचा हात आता थरथरतो. गायत्रीबेनने जुनी सही संगणकावर मोठी करून दाखवली. त्या सहीतला 'भ' मोठ्या डौलाचा होता. आजचा 'भ' आडवा पडत होता.

तिने कोरे कागद दिले. मी त्याच्या शेजारी, बाकड्यावरच्या मधल्या जागेवर बसलो आणि जवळजवळ पहिलीच्या वर्गासारखा 'भ' घोटून घेतला. "गाठ आधी, मग खाली. घाई करू नको." भिकन ओठ दाबून लिहीत होता. रांगेतल्या एका गृहस्थाने विचारलं, "दादा, अहीं ट्यूशन चाले छे?" मी त्यांच्याकडे लक्ष दिलं नाही. सात-आठ कागदांनंतर एक 'भ' उभा राहिला, आणि गायत्रीबेनने तो हलायच्या आत त्यावर शिक्का मारला.

पैसे अर्धे त्याच्या खात्यात, अर्धे माझ्या. गायत्रीबेनने माझं खातं उघडलं आणि भुवया उंचावल्या.

"काका, तुमच्या खात्याला नॉमिनी भागीरथीबेनच आहेत. आत्ताच बदलून टाकूया? मुलीचं नाव लिहू?"

बोटं कीबोर्डवर तयार होती. बरोबरच होतं तिचं. त्या नावाला आता कायद्याने काही अर्थ नव्हता. मी चैतालीचं पूर्ण नाव सांगायला तोंड उघडलं, लग्नानंतरचं, तिच्या जन्मतारखेसकट. सगळं मला पाठ आहे. ते सांगायचं सोडून मी हातातल्या टोकनची घडी घालत बसलो.

"काका?"

"राहू दे ना बेन," माझ्या मागून भिकन म्हणाला. "त्यांचं ते नाव राहू दे."

गायत्रीबेनने एकदा माझ्याकडे, एकदा त्याच्याकडे पाहिलं. "नियम आहे काका, पण... पुढच्या वेळी आलात की करू," ती म्हणाली, आणि पुढचा टोकन नंबर पुकारला.

आम्ही बाहेर आलो. ऊन उतरलं होतं. आता काम संपलं होतं, एकमेकांना बोलावण्याचं एकही कारण कुठल्याच कागदावर उरलं नव्हतं. लोचो खाऊया का, असं मी विचारणार होतो, पण ती त्यांची जागा होती, त्या दोघांची. मला ते जमलं नाही. भिकननेही विचारलं नाही. "दीपकला फोन करायला हवा," तो म्हणाला. मी म्हणालो, "हो, कर."

कडोदऱ्याकडे जाणारी शेअर रिक्षा समोर येऊन थांबली. चालक ओरडला, "चलथाण, चलथाण!"

भिकनने आत डोकावून पाहिलं आणि हात हलवून रिक्षा जाऊ दिली. "गर्दी शे, दाजी," तो म्हणाला. "मागनं येईल दुसरी."

आत एकच माणूस बसला होता. मागची जवळजवळ सगळी सीट मोकळी होती, मला स्पष्ट दिसली. आम्ही तिथेच दुकानाच्या पायरीवर बसलो, आणि त्याने मला साखर कारखान्यातल्या कुठल्यातरी जुन्या बॉयलरची गोष्ट सांगायला सुरुवात केली.